धुणंवालीची लेक, पडद्यावरची नटी आणि हेर

निवडायचे तांदूळ, शिवायची गोधडी, जे काही हातात असेल ते घेऊन बसा. आजची गोष्ट लांबच्या देशातली आहे आणि जरा लांबलचकही आहे.

अमेरिकेत मिसुरी नावाचं राज्य आहे. तिथल्या सेंट लुईस शहरात ३ जून १९०६ ला एका काळ्या बाईला मुलगी झाली. बाई लोकांची धुणी धुवायची. मुलीचं नाव जोसेफिन. घरात इतकी ओढाताण, की आठव्या वर्षी पोरीला गोऱ्या माणसांच्या घरी कामाला धाडलं. एके दिवशी धुण्यात साबण जास्त पडला, म्हणून मालकिणीनं तिचे हात भाजले. हे तिनं मोठेपणी स्वतः सांगितलंय.

ती अकरा वर्षांची असताना, जुलै १९१७ मध्ये, नदीपलीकडच्या गावात गोऱ्यांच्या जमावानं काळ्यांची वस्ती पेटवली. कितीतरी माणसं मारली गेली. जीव वाचवून पळणारी बायापोरं पूल ओलांडून सेंट लुईसला आली. ते दृश्य तिच्या डोळ्यांपुढून कधीच गेलं नाही. हे लक्षात ठेवा. पुढं ती जे काही करते त्याचं मूळ इथं आहे, असं मला वाटतं.

तेराव्या वर्षी लग्न. ते मोडलं. पंधराव्या वर्षी दुसरं. तेही टिकलं नाही, पण त्या नवऱ्याचं बेकर हे आडनाव तिनं जन्मभर ठेवलं. पोरगी नाचायची फार छान, विनोदही करायची, डोळे तिरळे करून लोकांना हसवायची. नाटक मंडळीत गेली तर आधी नकार मिळाला. फार लहान, फार बारीक, रंग फार काळा! काळ्या कलाकारांच्या मंडळीतसुद्धा उजळ रंगाची पोरगी हवी असायची. मग पडद्यामागं कपडे सांभाळायचं काम धरलं आणि एक नाचणारी आजारी पडल्यावर तिच्या जागी उभी राहिली. बघणाऱ्यांची नजर तिच्यावरून हलेना.

१९२५ मध्ये, एकोणीस वर्षांची असताना, ती एका मंडळीबरोबर बोटीनं फ्रान्सला गेली. पॅरिस शहरात ती कोणत्याही हॉटेलात जाऊन खुर्चीवर बसू शकत होती. काळ्यांसाठी वेगळं दार नाही, वेगळा डबा नाही. तिला वाटलं, आपण आत्ता कुठं माणसात आलो. एका रात्रीत ती पॅरिसची लाडकी झाली.

पण नीट पाहिलं तर हा लाड एका चौकटीतला होता. १९२६ मध्ये कमरेला खोट्या केळ्यांचा झगा बांधून तिनं नाच केला, आणि जगभर तिचं तेच चित्र पोचलं. लोकांना तिच्यात जंगलातली बाई बघायची होती. ही बाई वाढली होती ट्रामच्या आणि धुराड्यांच्या शहरात! जंगल तिनं पाहिलेलंही नव्हतं. सिनेमातही तीच तऱ्हा. १९२७ मध्ये ती मूकपटात आली. मग १९३४ मध्ये ‘झूझू’ आणि १९३५ मध्ये ‘प्रिन्सेस टॅम टॅम’ हे बोलपट. काळ्या बाईला मोठ्या चित्रपटाची नायिका करायचं हे तेव्हा जगात क्वचितच होत होतं. ‘झूझू’मध्ये तर ती धुणं धुणारीच झालीय आणि नंतर मोठी नटी होते. तरी शेवटी नायक गोऱ्या मुलीच्या वाट्याला. तिच्या सिनेमांत बहुधा असंच. ती हसवते, नाचते, गाते, जीव लावते, आणि शेवटी गोरा नायक काही तिच्या वाट्याला येत नाही.

म्हणजे तिच्याकडं बघताना लोकांच्या मनात आधीच एक ठसा होता. नाचणारी, हसरी, जराशी खुळी बाई. आपल्याकडं तमाशातल्या बाईबद्दल असतो ना, तसाच. टाळ्या वाजवायच्या, पैसे उधळायचे, पण तिला काही कळतं असं मानायचं नाही.

१९३७ मध्ये तिनं एका ज्यू व्यापाऱ्याशी लग्न केलं आणि फ्रान्सची नागरिक झाली. शेजारच्या जर्मनीत तेव्हा हिटलर होता. ज्यू लोकांचा आणि काळ्यांचा त्याला किती द्वेष, ते तुम्ही ऐकलं असेल. जोसेफिन स्वतः काळी, नवरा ज्यू. हिटलर आला असता तर दोन्ही बाजूंनी मरण होतं.

सप्टेंबर १९३९ मध्ये लढाई सुरू झाली. फ्रान्सच्या लष्करी गुप्तचर खात्यात जॅक ॲब्ते नावाचा अधिकारी होता. त्याला अशी माणसं हवी होती जी पगार न घेता, आपल्या धंद्याच्या निमित्तानं फिरताना कानावर पडलेलं आणून देतील. कुणीतरी जोसेफिनचं नाव सुचवलं. तो साशंक होता. त्याला कारणही होतं. आधीच्या महायुद्धात माता हारी नावाच्या एका नर्तकीला हेर ठरवून फ्रान्सनंच १९१७ मध्ये गोळ्या घातल्या होत्या. नाचणाऱ्या बाईवर भरवसा ठेवायचा कसा, हा त्याच्या मनातला प्रश्न.

तो तिच्या बंगल्यावर गेला. त्याला वाटलं होतं, रेशमी कपड्यांत लोळणारी नटी भेटेल. तर झुडपामागून एक बाई बाहेर आली. डोक्यावर जुनी टोपी, हातात चेपका डबा. डब्यात गोगलगायी. बदकांना खायला घालण्यासाठी ती बागेत गोगलगायी वेचत होती! ॲब्तेनं पुढं पुस्तकात हा प्रसंग लिहिलाय. मला तो वाचताना फार गंमत वाटली, कारण तिच्याबद्दलचा त्याचा ठसा मोडला तो तिच्या बोलण्यानं नाही, त्या डब्यानं.

तिनं काही मागितलं नाही. या देशानं मला माणूस केलं, मी त्याच्यासाठी जीव देईन, एवढाच तिच्या म्हणण्याचा अर्थ.

काम काय होतं? वकिलातींतल्या मेजवान्यांना जायचं, हसायचं, गप्पा मारायच्या आणि ऐकायचं. इटलीच्या वकिलातीत तिला मानाचं बोलावणं असे. त्यामागची गोष्ट काही भूषणाची नाही, पण सांगायलाच हवी. १९३५ मध्ये इटलीच्या मुसोलिनीनं इथिओपियावर, म्हणजे आफ्रिकेतल्या काळ्यांच्या देशावर चढाई केली तेव्हा जोसेफिननं मुसोलिनीची बाजू घेऊन बोलून दाखवलं होतं. ती चुकली होती. तिला ते उमगलं, पण इटलीच्या लोकांना ती अजून आपलीच वाटत होती. त्या चुकीचाच तिनं आता उपयोग करून घेतला.

मेजवानीत ऐकलेलं विसरू नये म्हणून ती न्हाणीघरात जाऊन तळहातावर, दंडावर टिपून ठेवायची. ॲब्ते घाबरायचा, सापडलीस तर? ती हसायची. माझ्यावर कोण संशय घेणार?

हेर म्हटलं की आपल्याला बहिर्जी नाईक आठवतात. सोंग घ्यायचं, बैरागी व्हायचं, फकीर व्हायचं आणि शत्रूच्या गोटात शिरायचं. जोसेफिनचं अगदी उलटं. तिनं सोंग घेतलंच नाही. लोकांनी तिच्यावर जे सोंग लादलं होतं, तेच पांघरून ती त्यांच्यामधून चालत गेली.

जून १९४० मध्ये जर्मन फौजा पॅरिसमध्ये शिरल्या. अर्धाअधिक देश जर्मनांच्या ताब्यात, उरलेल्या भागात त्यांच्यापुढं मान तुकवणारं सरकार. जनरल द गॉल हे फ्रेंच सेनापती लंडनला निसटले आणि तिथून रेडिओवरून त्यांनी लढा चालू ठेवायची हाक दिली. (रेडिओवरून, बरं का!) जोसेफिननं जर्मनांच्या पॅरिसमध्ये पाय ठेवून गायचं नाकारलं. दक्षिणेकडं दोर्दोन्य भागात मिलांद नावाचा एक जुना वाडा तिनं भाड्यानं घेतला होता. तिथं ती राहिली आणि लढ्यातल्या माणसांना आसरा दिला.

नोव्हेंबर १९४०. जर्मन फौजा कुठं किती आहेत, विमानतळ कुठं, कोणत्या बंदरात काय चाललंय, ही माहिती लंडनला पोचवायची होती. वाट होती स्पेनमधून पोर्तुगालला, लिस्बन शहरापर्यंत. पोर्तुगाल लढाईत नव्हता, तिथून इंग्रजांकडं निरोप जाऊ शकत होता. पण हद्दीवर कडक झडती. मग असं ठरलं की जोसेफिन बेकर दौऱ्यावर निघाली आहे. बरोबर तिचा चिटणीस, डोळ्यांवर चष्मा, ओठांवर मिशा. तो चिटणीस म्हणजे ॲब्ते, खोट्या नावाचा पासपोर्ट घेऊन. तिच्या पेट्यांत गाण्याच्या सुरावटीचे कागद. त्या कागदांवर न दिसणाऱ्या शाईनं सगळी माहिती लिहिलेली.

ही शाई म्हणजे जादू नाही. लिंबाच्या रसानं कागदावर लिहा, वाळू द्या, काही दिसणार नाही. मग कागद दिव्याजवळ ऊब लागेल असा धरा, अक्षरं तपकिरी होऊन वर येतात. पोरांना करून दाखवा एकदा. हेरांच्या शाया याहून अवघड असायच्या, पण कल्पना हीच.

हद्दीवरचे पोलीस तिला पाहून खूश. सही द्या, फोटो द्या. नटीच्या पेटीत गाण्याचे कागद असणारच. आणि मागं उभ्या असलेल्या मिशीवाल्या चिटणिसाकडं कोण बघतंय? तिचं नाव जितकं मोठं, तितका तो लहान होत गेला. माहिती लिस्बनला पोचली.

१९४१ च्या सुरुवातीला त्यांनी मुक्काम उत्तर आफ्रिकेत, मोरोक्को देशात हलवला. जोसेफिन बरोबर माकडं आणि भला मोठा कुत्रा घेऊन गेली. असा लवाजमा घेऊन हेर फिरतो असं कुणाच्या मनात येईल? मग एकदा ॲब्तेला पोर्तुगालची परवानगीच मिळेना. ती म्हणाली, मी एकटी जाते. आणि गेली. स्पेनमध्ये गाण्याचे कार्यक्रम केले, मोठमोठ्या लोकांच्या मेजवान्यांत बसली, ऐकलेलं चिठ्ठ्यांवर लिहिलं आणि चिठ्ठ्या आतल्या कपड्यांना टाचणीनं टाचून परत आली. बाजारला जाताना आपण पैसे कुठं ठेवतो, ते मी तुम्हाला सांगायला नको. तिचाही हिशेब तोच. जोसेफिन बेकरची झडती तिथवर घ्यायची हिंमत कोण करणार?

इथवर ऐकताना गोष्ट मजेची वाटते. पण १९४१ मध्येच तिच्या पोटातलं मूल गेलं. जंतू भिनले, गर्भाशय काढावं लागलं, ते विष पोटभर पसरलं. एकामागून एक शस्त्रक्रिया. कासाब्लांका शहरातल्या दवाखान्यात ती दीड वर्षाहून जास्त काळ खाटेवर होती. ती वारली अशी बातमी अमेरिकेपर्यंत गेली. लँगस्टन ह्यूज या मोठ्या कवीनं तर वर्तमानपत्रात तिला श्रद्धांजलीही लिहिली. मूल व्हावं ही तिची फार इच्छा होती, आणि ती वाट आता कायमची बंद झाली होती.

त्या खाटेवरही काम थांबलं नाही. आजारी नटीला भेटायला माणसं येणारच. फुलं घेऊन अमेरिकेचे अधिकारी यायचे, फ्रेंच लढ्यातली माणसं यायची, आणि तिच्या उशाशी निरोपांची देवाणघेवाण व्हायची. आजारपणसुद्धा आडोसा झालं. नोव्हेंबर १९४२ मध्ये अमेरिकेच्या आणि इंग्रजांच्या फौजा उत्तर आफ्रिकेच्या किनाऱ्यावर उतरल्या, तेव्हा गोळीबार तिनं दवाखान्यातूनच ऐकला.

उभं राहता यायला लागलं तशी ती सैनिकांपुढं गायला निघाली. उत्तर आफ्रिका, इजिप्त, पार सीरिया-पॅलेस्टाइनपर्यंत, वाळवंटातून जीपगाडीनं. मानधन घेतलं नाही. अमेरिकन फौजेत काळे शिपाई वेगळे, गोरे वेगळे. हिटलरशी लढायला आलेली ही फौज, आणि तिच्यातच ही शिवाशिव! तिनं सांगितलं, काळ्यांना मागं बसवणार असाल तर मी गाणार नाही. द गॉल यांनी तिला एक छोटा सोन्याचा क्रूस भेट दिला होता, तोही तिनं लढ्यासाठी लिलावात विकला. १९४४ मध्ये तिला फ्रेंच हवाई दलाच्या महिला तुकडीत सेकंड लेफ्टनंटचा हुद्दा मिळाला. गणवेशाचा तिला शेवटपर्यंत अभिमान होता. केळ्यांच्या झग्याचा एवढा नव्हता.

१९४५ मध्ये जर्मनीतल्या बुखेनवाल्ड छळछावणीत, सुटका झालेल्या पण हलवताही न येणाऱ्या कैद्यांसमोर ती गायली. याबद्दल मी जास्त सांगत नाही. हाडांचे सापळे झालेल्या माणसांच्या खाटांमधून चालत ती गात होती, एवढंच.

आता एक शंका तुमच्या मनात आली असेल. हेरगिरी म्हणजे लपवायचं काम, मग हे सगळं आपल्याला कळलं कसं? बरंचसं ॲब्तेच्या पुस्तकातून. ते १९४८ मध्ये निघालं. काही तिच्या आठवणींतून, काही सरकारी कागदांतून. ॲब्ते तिचा साथीदार आणि तीही गोष्ट रंगवून सांगण्यात पटाईत, त्यामुळं एखादा प्रसंग फुगला असेल तर नवल नाही. पण पदकं गोष्टी ऐकून मिळत नाहीत. १९४६ मध्ये तिला लढ्याचं पदक मिळालं. लष्कराचा शौर्य क्रूस आणि देशाचा सगळ्यात मोठा मान छातीवर लागायला मात्र १९६१ उजाडलं, लढाई संपून सोळा वर्षं झाली तेव्हा.

आणि एक सांगते. तिच्याबद्दल लिहायला एक अधिकारी होता, म्हणून तिचं काम उरलं. त्याच काळात आपल्या सातारा-सांगलीकडं प्रतिसरकारातल्या भूमिगतांना भाकरी नेणाऱ्या, निरोप नेणाऱ्या बाया होत्या. पाटीत शेण, शेणाखाली चिठ्ठी. त्यांतल्या कितीजणींची नावं कागदावर आली? तुमच्या घरात, आळीत आजीनं, पणजीनं असं काही केल्याचं कुणी सांगत असेल तर आमच्या केंद्रावर कळवा. आम्ही येऊन आवाज भरून घेऊ.

पुन्हा जोसेफिनकडं येते. लढाई संपल्यावर १९४७ मध्ये तिनं मिलांदचा वाडा विकत घेतला आणि १९५४ पासून मुलं दत्तक घ्यायला लागली. जपान, फिनलंड, कोलंबिया, अल्जीरिया, वेगवेगळ्या देशांची, रंगांची, धर्मांची बारा मुलं. एका छपराखाली सगळी भावंडं म्हणून वाढली, की जगाला दाखवता येईल, असा तिचा हट्ट. मुलांना बघायला लोक तिकीट काढून वाड्यात यायचे. हे मला रुचत नाही. पोरं म्हणजे काही प्रदर्शन नव्हे, आणि त्यांतल्या काहींनी मोठेपणी तसं बोलूनही दाखवलं.

अमेरिकेत मात्र तिची पाटी कोरीच राहिली होती. १९५१ च्या दौऱ्यात, काळे आणि गोरे एकत्र बसणार नसतील तिथं गाणार नाही, असं तिनं बजावलं. न्यूयॉर्कमधल्या एका नामांकित क्लबात तिला ताटकळत ठेवलं, जेवणच वाढेनात. तिनं बोभाटा केला, तर उलट तीच देशद्रोही ठरली. सरकारी तपास यंत्रणेनं तिच्या नावाची फाईल उघडली. जिनं हिटलरच्या माणसांवर पाळत ठेवली, तिच्यावर तिच्या जन्मदेशानं पाळत ठेवली. २८ ऑगस्ट १९६३ ला वॉशिंग्टनमध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांचा तो मोठा मोर्चा झाला, तेव्हा ती व्यासपीठावर बोलायला उभी राहिली. अंगात फ्रेंच हवाई दलाचा गणवेश, छातीवर सगळी पदकं.

पैशाचं मात्र तिला कधी जमलं नाही. आपल्या गटातली कुठलीही हिशेबनीस बाई ते वहीवर एक नजर टाकून सांगेल. बारा मुलं, मोठा वाडा, नोकरचाकर, जनावरं, पाहुण्यांसाठी हॉटेल, आणि जमाखर्चाला धरबंध नाही. कर्जावर कर्ज. वाडा लिलावात गेला आणि मार्च १९६९ मध्ये तिला बाहेर काढलं. ती हटेना. दाराबाहेर पायरीवर बसून राहिली. तो फोटो आहे. डोक्याला प्लॅस्टिकची टोपी, अंगावर पांघरूण, पाय अनवाणी. बासष्ट वर्षांची बाई, घराची पायरी धरून बसलेली. तिला त्या पायरीवरून उचलून नेताना तिची पदकं कुणाच्या कामी आली नाहीत. कामी आली ती एक दुसरी नटी. मोनाकोची राजकुमारी ग्रेस, जी आधी सिनेमात होती, तिनं तिला आणि मुलांना डोक्यावर छप्पर मिळवून दिलं.

एप्रिल १९७५ मध्ये, अडुसष्टाव्या वर्षी, ती पॅरिसच्या रंगमंचावर पुन्हा उभी राहिली. थिएटर तुडुंब. चार दिवसांनी, १२ एप्रिलला ती गेली. निरोप लष्करी इतमामानं दिला.

पॅरिसमध्ये पँथिऑन नावाची भव्य इमारत आहे. फ्रान्स आपल्या थोर माणसांना तिथं जागा देतं, आणि त्यात बाया अगदी मोजक्या. ३० नोव्हेंबर २०२१ ला जोसेफिनला तिथं नेलं. तो मान मिळालेली ती सहावी बाई आणि पहिली काळी बाई. देह मात्र मोनाकोतच राहिला, घरच्यांची तशी इच्छा होती. हवाई दलाच्या जवानांनी खांद्यावरून नेलेल्या त्या पेटीत चार ठिकाणची माती होती. पॅरिसची, मिलांदच्या वाड्याची, मोनाकोची आणि सेंट लुईसची.

बराच वेळ घेतला आज. पुन्हा भेटू, राम राम.